आंबिया बहाराची संत्री ऑगस्टमध्ये गळतात तेव्हा: पंप काढण्याआधी पडलेली फळं बघा

दरवर्षी पोळा जवळ आला की मला एकाच प्रकारचे फोन सुरू होतात. "भाऊ, फळ गळून राहिलं, कोणतं औषध मारू?" आमचा बगीचा अमरावती जिल्ह्यातल्या मोर्शी तालुक्यातला, अडीचशे झाडांचा, काळ्या जमिनीचा. आमच्याकडे सलग सहा वर्षं हीच गळ झाली. पुढे आजूबाजूच्या कितीतरी बगीच्यांत मी हेच बघायला गेलो. त्यातून एवढं पक्कं कळलं की फळगळ हा एकच रोग नाही. चार-पाच वेगवेगळ्या दुखण्यांचा शेवट फळ खाली पडण्यात होतो. औषध आधी आणि निदान नंतर असं केलं की पैसा जातो आणि फळही जातं.

इथे लिहिलेलं आंबिया बहारासाठी आहे. जानेवारी-फेब्रुवारीत फुलणारा हा बहार ऑक्टोबर ते डिसेंबर तोडणीला येतो. मार्च-एप्रिलमध्ये वाटाण्याएवढी फळं पडतात त्याची काळजी करू नका. संत्र्याला फुलं अमाप येतात आणि शंभर फुलांमागे एखाद-दोनच फळं शेवटपर्यंत टिकतात, बाकीची झाड स्वतःच सोडून देतं. मे महिन्यात पारा ४५ अंशांवर गेला की आणखी काही पडतात, ती गळ उन्हाची आणि पाण्याची. जुलैच्या शेवटापासून लिंबापेक्षा मोठी, पोसलेली फळं पडू लागतात, ती मात्र आपल्या खिशातून पडतात.

आधी लक्षणं

खालीलपैकी तुमच्याकडे काय दिसतं ते ओळखा. बहुतेक बगीच्यांत दोन-तीन गोष्टी एकदम असतात.

- चार-पाच दिवसांची झड लागली, मग ऊन पडलं, आणि दोन दिवसांत झाडाखाली हिरव्या फळांचा सडा. फळावर डाग नाही, छिद्र नाही, कापलं तर आतून चांगलं.
- देठाजवळ तपकिरी-काळं वर्तुळ, तिथून सड खाली उतरलेली. वर त्याच फांदीचा शेंडा वाळलेला.
- जमिनीलगतच्या फांद्यांवरची फळं करड्या-तपकिरी रंगाची, चामड्यासारखी झालेली. हातात घेतली की आंबूस वास येतो. ओल असेल तर वर पांढरी बुरशी.
- फळाला सुईच्या टोकाएवढं गोल छिद्र, भोवती फिकट किंवा तपकिरी कडं. दाबलं की छिद्रातून रसाची पिचकारी उडते.
- फळ नरम पडलेलं, फोडलं की आत पांढऱ्या अळ्या.
- फळांबरोबर पानांच्याही तक्रारी: शिरा पिवळ्या, नवीन फूट नाही, शेंडे वरून वाळत चाललेले.

आता तपासणी. सगळ्यात सोपी आणि बिनखर्चाची आधी घेतो.

१. शंभर फळांची वाटणी

याला एक पोतं, एक चाकू आणि अर्धा तास लागतो. सकाळी बगीच्यात जा. एकाच झाडाखालची नको, वरच्या धुऱ्यापासून (बांधापासून) खालच्या धुऱ्यापर्यंत आठ-दहा झाडांखालून आदल्या रात्रीची ताजी पडलेली शंभर फळं वेचा. जुनी, सडलेली घेऊ नका. पडून चार दिवस झालेल्या फळात सगळेच रोग शिरतात आणि मूळ कारण झाकलं जातं.

पोतं अंथरा आणि फळं वरच्या लक्षणांप्रमाणे वेगळी करा: छिद्राची, देठाकडून सडलेली, खालून करपलेली, अळीची आणि निव्वळ स्वच्छ. शंका आली की फळ आडवं कापा. देठाकडची सड आतल्या पांढऱ्या गाभ्यातून सरळ खाली उतरलेली दिसते. बारीक गोल छिद्र पाडतो तो रात्री येणारा, रस शोषणारा पतंग; त्याच्या छिद्राखालच्या फोडी कोरड्या, स्पंजासारख्या झालेल्या असतात आणि ताज्या फळात अळी नसते. फळमाशीच्या फळात अळी असतेच, उशिरा का होईना दिसते.

मग ढीग मोजून आकडे लिहून ठेवा. माझ्या वहीत एका वर्षाची नोंद आहे: छिद्राची ५८, देठसड १४, करपलेली ६, अळीची ३, स्वच्छ १९. त्याआधीची दोन वर्षं मी कृषी केंद्रातून सांगितलं ते बुरशीनाशक आणि टॉनिक फवारत होतो. शंभरातली ५८ फळं ज्याने पाडली त्याच्यावर त्या औषधाचा काडीचाही परिणाम होणार नव्हता. ती वही उघडली की आजही वाईट वाटतं, कारण त्या पैशांत बहिणीच्या घरचं एक अडलेलं काम झालं असतं.

सगळ्यात मोठा ढीग कोणता, तिथून पुढे जा. ही मोजणी दर आठ-दहा दिवसांनी पुन्हा करा. ऑगस्टमध्ये देठसड पुढे असते आणि सप्टेंबरात फळ रंगावर यायला लागलं की पतंगाचा ढीग वाढतो, असं आमच्याकडे नेहमी होतं.

मोजून झालेली फळं धुऱ्यावर फेकू नका. दोन-अडीच फूट खोल खड्ड्यात पुरा. फळमाशीच्या अळ्या फळातून बाहेर पडून मातीत कोष करतात, आणि सडक्या फळाच्या वासावर पतंग येतात. पडलेलं फळ झाडाखाली राहणं म्हणजे पुढच्या गळीची पेरणीच.

२. रात्री टॉर्च घेऊन फेरी

छिद्रांची फळं जास्त निघाली तर ही फेरी टाळू नका. खर्च काही नाही, फक्त पायात गमबूट घाला, पावसाळ्यात साप असतात.

रस शोषणारा पतंग दिवसा दिसत नाही. पुढचे पंख वाळक्या पानासारखे असतात, दिवसा पाल्यात बसला तर हाताच्या अंतरावर असूनही ओळखू येत नाही. अंधार पडल्यावर तो बगीच्यात येतो. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा रात्रीचे साडेआठ झाले होते. टॉर्च फिरवली तर फळांवर लाल-नारिंगी ठिणग्यांसारखे डोळे चमकत होते. एका फळावर तीन बसलेले. जवळ गेलो तरी एक उडाला नाही, सोंड फळात रुतवून होता. नंतर उडाला तेव्हा मागचे पंख दिसले, गडद नारिंगी आणि त्यावर काळे ठिपके-पट्टे. दोन वर्षं मी दिवसा बगीच्यात उभा राहून याच फळांकडे बघत होतो.

दिवसाची फवारणी त्याला का लागत नाही? कारण त्याची अळी संत्र्यावर वाढतच नाही. ती वाढते गुळवेल आणि वासनवेल यांसारख्या वेलींवर, धुऱ्यावर, नाल्याकाठी, कडुनिंबाच्या झाडावर. पतंग रात्री बाहेरून येतो, रस पिऊन निघून जातो. त्याने केलेल्या छिद्रातून बुरशी शिरते आणि तीन-चार दिवसांत फळ खाली.

म्हणून उपाय धुऱ्यापासून सुरू होतो. पावसाळ्याच्या सुरुवातीलाच बगीच्याभोवतीच्या या वेली मुळासकट काढा. आमच्याकडे कोरोनानंतर बऱ्याच जणांनी काढ्यासाठी गुळवेल मुद्दाम राखली आहे. घराजवळ राखा, बगीच्याच्या धुऱ्यावर नको. मग दिवेलागणीपासून दोन-तीन तास वाऱ्याच्या बाजूने ओल्या-सुक्या पाल्याचा धूर करा. धुराने फळाचा वास दबतो. गूळ आणि पडलेल्या फळांचा रस पाण्यात कालवून त्यात शिफारशीचं कीटकनाशक घातलेलं आमिष रुंद तोंडाच्या भांड्यांत टांगतात. ते लावलंत तर गुरं-शेळ्या, लेकरं पोहोचणार नाहीत एवढं उंच टांगा आणि सकाळी झाका. धूर एकट्याने केला तर पतंग शेजारच्याकडे जातो. आम्ही चार धुऱ्यांचे शेजारी एकाच वेळी करायला लागलो तेव्हा पुढच्या मोजणीत ५८ चे २१ झाले.

अळीच्या फळांचा ढीग मोठा असेल तर मिथाईल युजेनॉलचे फळमाशी सापळे, एकरी दहा, तोडणीच्या साधारण दोन महिने आधी लावा. सापळ्यात फक्त नर सापडतात. त्यामुळे उशिरा लावलेल्या सापळ्याचा डबा माशांनी भरला तरी माद्या अंडी घालत राहतात.

३. पाण्याचा खड्डा

स्वच्छ फळांचा ढीग मोठा असेल, विशेषतः झडीनंतर, तर दुखणं मुळात आहे. पाऊस थांबून एक दिवस झाला की झाडाच्या घेराच्या कडेला, जिथे पानांवरचं पाणी टपकतं तिथे, फावड्याने फूटभर खोल खड्डा करा. तासाभराने बघा. तळाशी पाणी झिरपून साचलं असेल तर मुळं पाण्यात उभी आहेत. संत्र्याचं खाणारं मूळ वरच्या फूट-दीड फुटातच असतं. काळ्या जमिनीत झड लागली की तिथली हवा संपते, मूळ काम थांबवतं, आणि वर ऊन पडलं की झाडाला फळाचा भार झेपत नाही. म्हणूनच गळ पावसात कमी आणि उघडीप झाल्यावर जास्त दिसते. बरेच जण तेव्हा जमीन वरून वाळली म्हणून ओलीत करतात. कृपा करून करू नका.

इथे औषध नाही, चर आहे. दर दोन ओळींनंतर उताराच्या दिशेने फूट-दीड फूट खोल चर काढा आणि शेवटी पाणी बाहेर जाईल अशी वाट द्या. वाट नसलेला चर हे नुसतं डबकं. मजुरी लागते, पण एकदा काढलेला चर दरवर्षी साफ केला की झालं. बुंध्याभोवती उन्हाळ्यात पाण्यासाठी केलेली आळी पावसाळ्याआधी मोडा आणि बुंध्याला मातीची थोडी चढण द्या, म्हणजे पाणी खोडाला टेकणार नाही. चढण देताना कलमाचा डोळा मात्र झाकला जाऊ नये. त्याचं कारण पाचव्या तपासणीत येतं.

४. सल

देठसडीचा ढीग मोठा असेल तर मान वर करा. झाडात वाळलेल्या काड्या किती आहेत? आमच्याकडे त्याला सल म्हणतात. देठाकडून फळ सडवणाऱ्या बुरश्या या सलीवर जगतात. पावसाच्या थेंबाबरोबर त्यांचे बीजाणू खालच्या फळाच्या देठाशी उतरतात. सल झाडावर ठेवून बुरशीनाशक मारलं तर पंधरा दिवस बरं वाटतं, पुढच्या झडीत पुन्हा तेच.

सल काढायची खरी वेळ तोडणीनंतरची. दोन-अडीच सेंटिमीटर हिरव्या भागासकट कापा, कात्री झाडागणिक फडक्याने पुसा, आणि काढलेली सल बगीच्याबाहेर नेऊन जाळा. ऑगस्टमध्ये लक्षात आलं तर हाताला येईल तेवढी तरी काढा आणि त्यानंतरच शिफारशीचं बुरशीनाशक फवारा. हे क्रमाने करणाऱ्यांकडे फरक पडलेला मी बघितला आहे. नुसत्या फवारणीने पडलेला बघितला नाही.

करपलेल्या, वासाच्या फळांचा ढीग असेल तर मान खाली. ही फायटोफ्थोरा बुरशी मातीत असते आणि पावसाच्या शिंतोड्यांबरोबर जमिनीलगतच्या फळांवर चढते. लोंबत्या फांद्यांना बांबूचे टेकू द्या, खालची रोगट फळं रोज उचला. फवारणी करायचीच तर फोसेटिल एएल २.५ ग्रॅम प्रति लिटर, आणि ती झाडाच्या खालच्या घेरावर व त्याखालच्या जमिनीवरही करा. नुसता शेंडा धुऊन काही होत नाही. हे औषध मोरचूद किंवा ताम्रयुक्त औषधात मिसळू नका.

५. बुंधा आणि मूळ

इथून काम अवघड होतं, पण बघणं अजून फुकटच आहे.

बुंध्याजवळ गुडघे टेका. कलमाचा डोळा जमिनीपासून वीतभर तरी वर दिसला पाहिजे. मातीत गेला असेल, किंवा सालीवर डिंकाचे ओघळ असतील, तर डिंक्या आहे. संत्र्याचं खोड फायटोफ्थोरा बुरशीपुढे नाजूक, म्हणून डोळा उघडा ठेवायचा. डिंक असलेली साल धारदार चाकूने निरोगी भागापर्यंत खरवडा, कपटे खाली पडू न देता गोळा करा आणि बोर्डो मलम लावा: मोरचूद १ किलो, कळीचा चुना १ किलो, पाणी १० लिटर. दोन्ही प्लास्टिकच्या वेगळ्या बादल्यांत भिजवून मग एकत्र करायचं. लोखंडी विळा मिनिटभर बुडवून बघा. पात्यावर तांबूस थर आला तर चुना कमी पडला आहे. मलम बुंध्यावर तीन फुटांपर्यंत, पावसाळ्याआधी एकदा आणि नंतर एकदा.

आता मूळ. घेराच्या कडेला अर्धा फूट माती अलगद हाताने उकरा आणि दाभणाच्या जाडीची मुळं काढा. निरोगी मूळ पिवळसर पांढरं, वाकवलं तर ताठ. अंगठा आणि बोटात धरून ओढा. साल बाहीसारखी सुटून हातात आली आणि आत नुसता दोरा राहिला, तर मूळकूज आहे. मी हे पहिल्यांदा एका काकांच्या बगीच्यात केलं. झाड वरून हिरवंगार होतं, फक्त पानांच्या शिरा पिवळ्या. दहा मुळं ओढली, आठांची साल निघून आली. काका काही बोलले नाहीत, मातीतच बसून राहिले. त्या झाडांना आम्ही त्या वर्षी फळ कमी करून हलकं केलं, चर काढले, पाऊस ओसरल्यावर आळवणी केली, म्हणजे मुळाशी औषधाचं पाणी ओतलं. ११ पैकी ७ झाडं सावरली. जी गेली, त्यांची मुळं चार ठिकाणी उकरली तरी एकही पांढरं सापडलं नव्हतं.

६. झाडाची ताकद आणि संजीवक

वरचं सगळं ठीक आणि तरीही स्वच्छ फळं पडतात, तर झाडाने जास्त फळ धरलं आहे का ते बघा. एका फळाला पोसायला साधारण ४० निरोगी पानं लागतात असा हिशेब आहे. एक फांदी धरा आणि मोजा. काळ्या माशीने आणि कोळशी नावाच्या बुरशीने पानं काळी केली असतील तर ती पानं धरू नका.

संजीवकाची, म्हणजे फळ धरून ठेवण्यासाठी मारतात त्या औषधाची, फवारणी मी मुद्दाम इतक्या खाली लिहितो आहे, कारण लोक सुरुवातच तिथून करतात. जिबरेलिक ऍसिड १.५ ग्रॅम आणि युरिया १ किलो १०० लिटर पाण्यात, ही रूढ शिफारस आहे आणि ती निव्वळ शरीरक्रियेच्या गळीवर काम करते. पावडर आधी थोड्या अल्कोहोलमध्ये विरघळवावी लागते, थेट पाण्यात टाकली तर गुठळ्या राहतात. बाजारातल्या तयार औषधात मूळ घटक किती टक्के आहे ते लेबलवर वाचून मात्रा काढा. पतंगाने टोचलेलं किंवा देठातून सडलेलं फळ हे संजीवक धरून ठेवू शकत नाही.

याच कामासाठी २,४-डी हेही सांगितलं जातं. ते तणनाशक आहे आणि त्याचा नुसता वारा लागला तरी पऱ्हाटीची (कापसाची) पानं बोटांसारखी चिरून आवळतात. आपल्याकडे संत्र्याच्या धुऱ्याला पऱ्हाटी असतेच. मी ते वापरत नाही आणि शेजारी कापूस असेल तर तुम्हीही वापरू नका.

फवारणी कोणतीही असो, चार औषधं एका पंपात कालवू नका, उलट्या वाऱ्यात मारू नका, तोंड आणि हात झाका. २०१७ मध्ये यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने माणसं गेली, ती आपल्यासारखीच होती. मळमळ, धूसर दिसणं, जास्त घाम असं काही जाणवलं की पंप तिथेच ठेवा, कपडे बदला, अंग धुवा आणि औषधाचं लेबल घेऊन लगेच दवाखान्यात जा.

इथे थांबा आणि जाणकाराला बोलवा

पुढच्यापैकी एक जरी गोष्ट दिसली तरी आणखी औषध विकत आणू नका.

मूळ तपासलं आणि निम्म्याहून जास्त मुळांची साल सुटते, तेही एकाच झाडाची नाही तर सलग ओळीतल्या झाडांची. मूळकुजीची बुरशी पाण्याबरोबर ओळीने पुढे सरकते.

पानांवरचा पिवळेपणा मधल्या शिरेच्या दोन्ही बाजूंना सारखा नाही, ठिपक्याठिपक्यांचा आहे. फळं लहान, एका बाजूला वाकडी, आणि आतल्या बिया खुरटलेल्या. हा ग्रीनिंग रोग असू शकतो. सायला किडीमुळे पसरतो, झाडाला बरं करणारा इलाज नाही, आणि जस्ताच्या कमतरतेसारखाच दिसत असल्याने नुसत्या डोळ्यांनी ठरवताच येत नाही. त्याची प्रयोगशाळेत पीसीआर तपासणी होते.

उभी, हिरवी झाडं आठ-पंधरा दिवसांत पानांसकट वाळतात.

किंवा वरच्या सहाही तपासण्या करून, एक पूर्ण हंगाम मोजणी ठेवूनही गळ निम्म्यावर आली नाही.

नागपूरला अमरावती रोडवर केंद्रीय लिंबूवर्गीय फळ संशोधन संस्था आहे, १९८५ पासून याच पिकावर काम करते. अकोल्याचं डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठ आहे आणि जिल्ह्यात कृषी विज्ञान केंद्र आहे. जाताना रिकाम्या हाताने जाऊ नका. आजारी पण पूर्ण न वाळलेल्या झाडाच्या घेराखालून अर्धा फूट खोलीवरची माती बारीक मुळांसकट किलोभर घ्या, प्लास्टिकच्या पिशवीत बांधा, उन्हात वाळवू नका. वाळलेल्या मातीत बुरशी सापडणं अवघड जातं. पानं कागदी पाकिटात. शेजारच्या चांगल्या झाडाचा तसाच नमुना वेगळा, दोन्हींवर तारीख आणि ओळ-झाडाचा नंबर. सोबत शंभर फळांच्या मोजणीची वही आणि या हंगामात मारलेल्या प्रत्येक औषधाचं नाव व तारीख. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा तिथल्या शास्त्रज्ञांनी माती बाजूला ठेवून आधी ती वहीच मागून घेतली होती.